स्मार्ट टीव्हीच्या मेनबोर्डचं सॉफ्टवेअर शोधताना आणि टाकताना: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

टीव्ही दुरुस्तीचं दुकान असलेले आणि घरचा टीव्ही लोगोवर अडकला म्हणून हैराण झालेले, अशा दोघांसाठी हे पान आहे. भर आहे तो कमी किमतीच्या अँड्रॉइड टीव्हीत सापडणाऱ्या थ्री-इन-वन बोर्डांवर, म्हणजे पॉवर सप्लाय, बॅकलाइट ड्रायव्हर आणि मेनबोर्ड एकाच पाटीवर असलेल्या बोर्डांवर. सगळ्यात जास्त चुकीच्या फाइल याच बोर्डांत मारल्या जातात. सॅमसंग, एलजी, सोनीबद्दल खाली थोडक्यात लिहिलं आहे.

टीव्ही लोगोवर अडकतो. सॉफ्टवेअरच गेलंय, हे कशावरून समजायचं?

लोगो दिसला की लगेच पेन ड्राइव्ह शोधायला लागू नका. आधी टीव्हीला लावलेलं सगळं काढा: पेन ड्राइव्ह, एचडीएमआय, सेट-टॉप बॉक्सची वायर. खराब पेन ड्राइव्हमुळे अडकलेले टीव्ही ती काढताच सुरू होतात. मग मीटर हातात घ्या. १२ आणि ५ व्होल्ट स्थिर आहेत का, ३.३ व्होल्ट येतात का, रॅमचा सप्लाय (डीडीआर३ असेल तर १.५ व्होल्ट) आणि प्रोसेसरच्या कोअरचे साधारण १ व्होल्ट मिळतात का, ते बघा. सुरू होताना १२ चे १० होत असतील तर दोष सप्लायचा, आणि तिथे नवं सॉफ्टवेअर टाकलं तर ते अर्धवटच लिहिलं जाईल.

टीव्ही दर वेळी वेगळ्या ठिकाणी बंद पडत असेल, कधी लोगोवर तर कधी होम स्क्रीन आल्यावर, तर संशय सप्लाय, रॅम किंवा उष्णतेवर घ्या. दर वेळी नेमका त्याच जागी थांबत असेल तर सॉफ्टवेअर किंवा ईएमएमसी, म्हणजे सॉफ्टवेअर साठवणारी चिप. आवाज येतो पण पडदा काळा असेल, तर अंधारात टॉर्च तिरका धरून बघा. पुसट चित्र दिसलं तर बॅकलाइट गेलाय. पॅनलची वायर काढल्यावर बोर्ड नीट सुरू होत असेल तर पॅनल शॉर्ट आहे. या दोन्हीत सॉफ्टवेअरचा संबंध नाही.

सगळ्यात खात्रीचा पुरावा सिरियल लॉगचा, म्हणजे सुरू होताना बोर्ड एका पोर्टवर ओळीओळीने पाठवतो त्या नोंदींचा. त्या संगणकावर वाचायला ३.३ व्होल्टचा यूएसबी-टीटीएल अडॅप्टर, वेग ११५२००. एमस्टार या कंपनीची चिप असलेल्या जुन्या बोर्डांत हा पोर्ट व्हीजीए सॉकेटच्या १२ आणि १५ नंबरच्या पिनांवर मिळतो, नव्यांत बहुधा वेगळा चार पिनांचा कनेक्टर असतो. लॉगमध्ये ईएमएमसी वाचताना चुका येत राहिल्या, तर चिप झिजली आहे. तशा चिपवर नवं सॉफ्टवेअर टाकलं की टीव्ही चार-आठ दिवस चालतो आणि पुन्हा दुकानात येतो.

बोर्डचा नंबर कुठे असतो?

बोर्डवर पांढऱ्या शाईत छापलेला असतो. उदाहरणार्थ टीपी.एमएस३३८.पीबी८०१. यातलं ३३८ हे एमस्टारच्या चिपच्या कुळाचं नाव. ही कंपनी पुढे मीडियाटेकमध्ये विलीन झाली, पण बाजारात अजून ‘एमस्टारचा बोर्ड’ असंच म्हणतात. छापील नंबरासोबत बोर्डवरच्या सगळ्या चिकटपट्ट्यांचे फोटो काढा, बारकोडसकट. त्यातल्या एखादीवर पॅनलचं नाव, रिझोल्यूशन आणि सॉफ्टवेअरची तारीख असते. हीटसिंक उपटून चिपचा नंबर वाचायचा खटाटोप मात्र करू नका. तो चिकटवलेला असतो आणि ओढताना चिपच हलते.

बोर्डचा नंबर जुळला म्हणजे फाइल चालणारच ना?

नाही. बरबाद झालेले बहुतेक बोर्ड याच समजुतीतून बरबाद होतात.

एकच बोर्ड चीनमधल्या कारखान्यातून निघतो आणि आपल्याकडे वेगवेगळ्या नावांच्या टीव्हींत बसतो. कंत्राटावर टीव्ही जुळवणारे कारखाने एकाच छताखाली अनेक ब्रँडचा माल काढतात. पाटी तीच, पण तिच्यावर बसवलेले भाग आणि समोरचं पॅनल निराळं. त्यामुळे एकाच नंबरच्या बोर्डसाठी कित्येक फाइल फिरत असतात आणि त्यातली तुमची एखादीच.

पहिलं जुळवायचं ते पॅनल. ३२ इंची टीव्हीचं पॅनल बहुधा १३६६ गुणिले ७६८ चं, सिंगल एलव्हीडीएसचं (एलव्हीडीएस म्हणजे बोर्डकडून पॅनलकडे चित्र नेणारी जोडणी). ४३ इंची फुल एचडी असेल तर डबल एलव्हीडीएस. फोरके असेल तर व्ही-बाय-वन ही वेगळी जोडणी. रिझोल्यूशन जुळलं तरी त्या जोडणीतली बिटांची मांडणी वेसा आणि जेडा या दोन पद्धतींपैकी कुठली, हा प्रश्न राहतोच.

दुसरं, रॅम आणि ईएमएमसी. ८ जीबीच्या चिपसाठी बनवलेली फाइल ४ जीबीच्या चिपवर लिहायला घेतली तर चिपवरचे विभाग (पार्टिशन) मावत नाहीत आणि काम मध्येच तुटतं. रॅमचं ट्युनिंग बूटलोडरमध्ये, म्हणजे सुरू होताना आधी चालणाऱ्या छोट्या प्रोग्रॅममध्ये असतं. फाइलने बूटलोडरही बदलला आणि रॅम वेगळी निघाली, तर बोर्ड लाल लाइटच्या पुढे जात नाही. मग पेन ड्राइव्हनेही काही होत नाही, प्रोग्रॅमर, म्हणजे चिप बाहेरून वाचणारं-लिहिणारं यंत्र लागतं.

तिसरं वायफायचं मॉड्यूल. ते बदललं तर टीव्ही सुरू होतो, पण वायफाय ‘चालू करा’ म्हटलं तरी चालू होत नाही. रिमोटचं तसंच. हे दोन्ही त्रास पहिल्या दोनांपेक्षा परवडले.

पॅनलचा नंबर कसा बघायचा?

मागचं झाकण काढून. पॅनलच्या पत्र्यावर पट्टी असते. टीव्हीच्या मॉडेल नंबरवरून पॅनल ओळखू नका. एकाच मॉडेलच्या दोन टीव्हींत दोन कंपन्यांची पॅनल सर्रास निघतात.

झाकण काढण्याआधी प्लग भिंतीतून काढा, नुसता स्विच बंद करून भागत नाही. पॉवर सप्लायच्या मोठ्या कपॅसिटरवर ३२५ व्होल्टच्या आसपास डीसी असतो आणि प्लग काढल्यावरही तो काही वेळ राहतो. थ्री-इन-वन बोर्डात हा भाग यूएसबी पोर्टपासून चार बोटांवरच असतो. ज्यांनी पॉवर सप्लाय कधी उघडलेला नाही त्यांनी इथे थांबून कारागिराला बोलवावं.

फाइल आणायची कुठून?

ज्या क्रमाने भरवसा ठेवावा त्याच क्रमाने सांगतो.

टीव्हीच्या कंपनीचं सेवा केंद्र. ब्रँड लहान असला तरी आधी विचारा. मॉडेल आणि सिरियल नंबर दिल्यावर काही कंपन्या फाइल देतात, काही माणूस पाठवतात.

बोर्ड विकणारा. पुण्याच्या तपकीर गल्लीत किंवा मुंबईत लॅमिंग्टन रोडवर नवा बोर्ड घेताना पॅनलचा नंबर सांगा आणि त्याच्याकडूनच सॉफ्टवेअर टाकून घ्या. पैसे देण्याआधी विचारलं तर फाइल मिळते. नंतर विचारलं तर ‘बघून पाठवतो’.

तिसरा मार्ग माझ्या मते सगळ्यात चांगला, पण त्यासाठी आधीपासून शिस्त लागते. दुकानात येणाऱ्या चालू बोर्डांचे डंप, म्हणजे चिपमधल्या सगळ्या मजकुराच्या जशाच्या तशा प्रती, काढून ठेवायचे. फाइलच्या नावात बोर्ड, पॅनल, रॅम-ईएमएमसी आणि टीव्हीचं मॉडेल लिहायचं. वर्षभरात असा साठा होतो की बाहेर मागायची वेळ क्वचित येते.

त्यानंतर कारागिरांचे व्हॉट्सअ‍ॅप आणि टेलिग्राम गट. इथे फाइल मागताना बोर्डचा आणि पॅनलच्या पट्टीचा असे दोन फोटो टाका, आणि देणाऱ्याला एकच विचारा: ‘तुम्ही स्वतः टाकून बघितली आहे का, कुठल्या पॅनलवर?’ उत्तर आलं नाही तर ती फाइल फक्त साठवून ठेवा.

सगळ्यात शेवटी अनोळखी डाउनलोड साइट. डाउनलोड केल्यावर बिन किंवा इमेज फाइलऐवजी विंडोजचा इन्स्टॉलर निघाला, किंवा अँटिव्हायरस बंद करायला सांगितलं, तर तिथूनच परत फिरा.

अशा फाइलमध्ये व्हायरस खरंच असतो का?

असतो, आणि तो टीव्हीला सुखाने चालू देतो, म्हणून कळत नाही. सप्टेंबर २०२४ मध्ये डॉक्टर वेब या कंपनीने ‘व्हॉइड’ नावाचा मालवेअर उघड केला. १९७ देशांतल्या सुमारे १३ लाख अँड्रॉइड टीव्ही बॉक्समध्ये तो सिस्टम विभागात बसलेला होता. ‘बॅडबॉक्स २.०’ या बाधित उपकरणांच्या जाळ्याबद्दल अमेरिकेच्या एफबीआयने जून २०२५ मध्ये इशारा दिला. ही उपकरणं मालकाच्या नकळत दुसऱ्यांची इंटरनेट वाहतूक स्वतःच्या कनेक्शनवरून नेत होती. फॅक्टरी रीसेट केल्याने हे जात नाही, कारण रीसेट डेटा विभाग पुसतो, सिस्टम विभागाला हात लावत नाही.

अनोळखी फाइल टाकलीच असेल, तर त्या टीव्हीवर मुख्य जीमेल खातं घालू नका आणि राउटरवर त्याला गेस्ट नेटवर्क द्या.

टाकण्याआधी फाइल आतून तपासता येते का?

एमस्टारच्या बाबतीत येते, आणि फारच थोडे लोक हे करतात. त्यांच्या अँड्रॉइड बोर्डांची फाइल ‘एमस्टारअपग्रेड’ नावाची बिन फाइल असते. तिचे पहिले १६ किलोबाइट साध्या मजकुराचे असतात. हेक्स एडिटरमध्ये उघडा, वाचता येतं. ती एक आदेशांची यादी आहे: कुठला विभाग पुसायचा, कुठला किती मोठा बनवायचा, त्यात फाइलमधला कुठला तुकडा लिहायचा, शेवटी कुठले बदल जतन करून टीव्ही पुन्हा सुरू करायचा.

त्यातून बरंच कळतं. विभागांच्या आकारांची बेरीज केली की फाइल ४ जीबीच्या चिपसाठी आहे की ८ च्या, ते दिसतं. बूट विभागात लिहिण्याचा आदेश असेल तर ही फाइल बूटलोडरही बदलणार, म्हणजे धोका मोठा. तो आदेश नसेल तर फसलं तरी पेन ड्राइव्हने परतीची वाट बहुधा उघडी राहते.

पुढचं पाऊल म्हणजे फाइल सुटी करणं. त्यासाठी पायथनमध्ये लिहिलेली मोफत साधनं आहेत. ‘टीव्हीकॉन्फिग’ विभागात एक कस्टमर आयएनआय फाइल (साध्या मजकुरातली सेटिंगची फाइल) असते आणि तिच्यात पॅनलच्या आयएनआय फाइलचं नाव लिहिलेलं असतं. त्या पॅनल फाइलमध्ये रुंदी, उंची आणि पोर्टची अदलाबदल हे सगळं असतं. तुमच्या पॅनलशी ताडून बघा. काही बोर्डांत सगळ्या पॅनलच्या फाइल आत असतात आणि फक्त नाव बदलायचं असतं.

नव्या बोर्डांत फाइल कंपनीची डिजिटल सही केलेली किंवा कुलूपबंद असते. तिथे हे जमत नाही आणि जबरदस्ती करण्यात अर्थ नाही.

जुन्या सॉफ्टवेअरचा बॅकअप घ्यायलाच हवा का? टीव्ही तर बंदच आहे.

बंद असला तरी हवा. बंद टीव्हीच्या चिपमध्येही बूटलोडर, पॅनलची माहिती, मॅक पत्ता आणि त्या एकाच टीव्हीच्या डिजिटल चाव्या शाबूत असू शकतात. त्या दुसऱ्या कुठल्याही फाइलमध्ये मिळत नाहीत.

साध्या, विना-अँड्रॉइड बोर्डवर आठ पायांची एसपीआय फ्लॅश असते, २५क्यू३२ किंवा २५क्यू६४. सीएच३४१ए हा स्वस्त प्रोग्रॅमर चालतो, पण त्याच्या काळ्या पाटीत ३.३ व्होल्टच्या चिपलाही डेटाच्या पायांवर ५ व्होल्ट जातात. ती दुरुस्त करून घ्या किंवा व्होल्टेज निवडता येणारी पाटी घ्या. १.८ व्होल्टच्या चिपसाठी वेगळा अडॅप्टर लागतोच.

अँड्रॉइड बोर्डवर ईएमएमसी असते. आरटी८०९एचसारख्या प्रोग्रॅमरने ती काढून वाचता येते किंवा बोर्डवरच क्लॉक, कमांड, डेटा-शून्य, दोन सप्लाय आणि ग्राउंड इतक्या तारा जोडून. युजर विभागासोबत दोन्ही बूट विभाग आणि एक्स्ट-सीएसडी (चिपच्या स्वतःच्या सेटिंगची नोंद) हेही वाचा. नुसत्या युजर विभागावरून बोर्ड पुन्हा उभा राहीलच असं नाही. डंप दोनदा घ्या आणि दोन्ही फाइल ताडून बघा. फरक निघाला तर तारा सैल आहेत किंवा चिप जाते आहे.

प्रोग्रॅमर नसेल तर काही एमस्टार बोर्डांत सिरियल कन्सोलवर (वरच्याच सिरियल पोर्टवरून आदेश देण्याची खिडकी) ‘ईएमएमसीबिन’ आदेश देऊन डंप थेट पेन ड्राइव्हवर उतरवता येतो.

पेन ड्राइव्हने टाकायची पद्धत सांगा.

८ किंवा १६ जीबीची, यूएसबी २.० ची साधी पेन ड्राइव्ह घ्या. फॅट३२ मध्ये फॉरमॅट करा. आत फक्त ती एक फाइल, कुठल्याही फोल्डरमध्ये नाही, नाव जसंच्या तसं. डाउनलोड करताना नावाच्या मागे कंसात १ लागलेला असतो, तो काढा. एमस्टार ‘एमस्टारअपग्रेड’ शोधतो, रिअलटेक या दुसऱ्या चिप कंपनीचे बरेच बोर्ड ‘इन्स्टॉल’ नावाची इमेज फाइल मागतात, अ‍ॅमलॉजिकची तऱ्हा आणखी निराळी. फाइलसोबत आलेलं नाव बदलायचं नाही, एवढं पाळा.

टीव्हीचा मेन सप्लाय बंद ठेवून पेन ड्राइव्ह लावा. टीव्हीवरचं पॉवर बटण दाबून धरा, मग सप्लाय द्या. स्टँडबायचा लाइट लुकलुकायला लागला की बटण सोडा. पुढची काही मिनिटं हात लावायचा नाही. लुकलुकणं थांबलं किंवा टीव्ही स्वतःहून पुन्हा सुरू झाला की पेन ड्राइव्ह काढा, नाहीतर काही बोर्ड पुन्हा पहिल्यापासून टाकायला लागतात. पहिल्यांदा सुरू होताना अँड्रॉइड बराच वेळ घेतं. इथे धीर सुटून प्लग काढणारे पुष्कळ.

लाइट लुकलुकतच नाही.

यूएसबीचा दुसरा पोर्ट बघा. बऱ्याच बोर्डांत एकाच पोर्टवरून अपडेट होतं. दुसऱ्या कंपनीची पेन ड्राइव्ह बघा. बटणांची पट्टी जोडलेली आहे का, बघा. तरीही नाही, तर सिरियल कन्सोल लावा, सुरू होताना एंटर दाबून धरा आणि एमस्टारचा प्रॉम्प्ट आला की ‘कस्टार’ आदेश द्या. तो तीच फाइल पेन ड्राइव्हवरून उचलतो आणि नाही उचलली तर का नाही, ते पडद्यावर सांगतो. प्रॉम्प्टच आला नाही तर बूटलोडर गेलाय, प्रोग्रॅमर काढा.

मध्येच वीज गेली तर?

बूटलोडर लिहून झाला असेल किंवा त्याला हातच लागला नसेल, तर पुन्हा पहिल्यापासून टाकता येतं. बूटलोडर लिहिताना गेली तर चिप बाहेरूनच लिहावी लागते. भारनियमनाच्या गावात इन्व्हर्टर किंवा यूपीएसवर टीव्ही लावल्याशिवाय हे काम सुरू करू नका.

चित्र आलं, पण उलटं आहे, रंग विचित्र आहेत किंवा पडद्याचे दोन भाग दिसतात.

ही खरं तर चांगली बातमी. बोर्ड जिवंत आहे, फक्त पॅनलची जुळणी चुकली. उलटं चित्र सर्व्हिस मेनूतल्या (कारागिरांसाठीचा लपवलेला मेनू) मिररच्या पर्यायाने सरळ होतं. रंग निगेटिव्हसारखे किंवा चेहरे फासल्यासारखे दिसले तर वेसा-जेडाची अदलाबदल करा. चित्र दोनदा दिसलं किंवा उभ्या रेघांत फाटलं तर सिंगल-डबल एलव्हीडीएस किंवा पोर्टची अदलाबदल. बऱ्याच युनिव्हर्सल बोर्डांत मेनू किंवा सोर्स दाबून ११४७ किंवा २५८० टाकलं की सर्व्हिस मेनू उघडतो. तिथे एका वेळी एकच गोष्ट बदला आणि बदलण्याआधी मोबाइलवर फोटो काढून ठेवा.

एक गोष्ट मात्र कुठल्याही मेनूत नाही: पॅनलचं व्होल्टेज. ते बोर्डवरच्या जंपरने ठरतं, ३.३, ५ किंवा १२. पाच व्होल्टच्या पॅनलला बारा दिले की टीकॉन (पॅनलचं चित्र चालवणारं सर्किट) जळतो आणि ते कुठल्याच सॉफ्टवेअरने परत येत नाही. नवा बोर्ड बसवताना बॅकलाइटचा करंटही असाच तपासा. जास्त करंटवर पडदा झकास उजळतो आणि काही महिन्यांत एलईडी पट्ट्या जातात.

रिमोट चालत नाही.

त्या फाइलचा रिमोट वेगळा आहे. यूएसबी माउस लावून तात्पुरतं काम चालवा. बोर्ड विकणाऱ्याकडे त्या बोर्डचा रिमोट मिळतो, आणि फाइल पुन्हा शोधण्यापेक्षा तो स्वस्त पडतो.

नेटफ्लिक्स आता धूसर दिसतं किंवा उघडतच नाही.

चित्रपटांच्या अ‍ॅप्सना एचडी दाखवायला वाइडव्हाइन या कॉपी-संरक्षण प्रणालीची एल१ पातळी लागते आणि तिची चावी प्रत्येक टीव्हीची स्वतंत्र असते. दुसऱ्या टीव्हीचा डंप टाकला की ती चावी जाते आणि चित्र एसडीवर घसरतं. बॅकअप घेतला असेल तर जुने विभाग परत लिहून बघता येतं, नसेल तर उपाय नाही. गिऱ्हाइकाला हे काम हाती घेण्याआधी सांगा; नंतर सांगितलं की भांडण होतं.

नवं अँड्रॉइड टाकून जुना टीव्ही वेगवान होईल का?

नाही. उलट जड होईल. १ जीबी रॅमच्या बोर्डवर ‘अँड्रॉइड १३’ म्हणून फिरणाऱ्या फाइलमध्ये बहुधा जुन्याच आवृत्तीवर नवा आकडा चिकटवलेला असतो. ‘२ जीबी, १६ जीबी’ दाखवणाऱ्या फाइलही अशाच, चिप १ आणि ८ ची. वेग हवा असेल तर नामांकित कंपनीची स्ट्रीमिंग स्टिक लावा.

सॅमसंग, एलजी, सोनीचं काय?

त्यांच्या अधिकृत साइटवर मॉडेल नंबर टाकून जी फाइल मिळते तीच टाका, सोबतच्या सूचनेप्रमाणे. सही जुळली नाही तर हे टीव्ही फाइल घेतच नाहीत, त्यामुळे चुकायची भीती कमी. मात्र एकदा वर गेल्यावर जुन्या आवृत्तीवर बहुधा परत येता येत नाही. अधिकृत अपडेटही कधी दगा देतं: ऑगस्ट २०१७ मध्ये ब्रिटनमध्ये सॅमसंगच्या एमयू मालिकेतले टीव्ही कंपनीच्याच अपडेटने बंद पडले होते. टीव्ही नीट चालत असेल आणि नव्या आवृत्तीत तुमच्या कामाचं काही नसेल, तर काही आठवडे थांबून टाकलेलं बरं.

वॉरंटी आहे, पण सेवा केंद्र ‘पूर्ण बोर्ड बदला’ म्हणतं.

वॉरंटीतल्या टीव्हीत स्वतः काही टाकू नका. कंपनी नकार देण्यासाठी तेच कारण पुढे करेल. तक्रार लेखी द्या आणि तिचा नंबर ठेवा. काम झालं नाही तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन, १९१५. ग्राहक व्यवहार विभागाने डिसेंबर २०२२ मध्ये ‘राइट टू रिपेअर’ पोर्टल सुरू केलं आहे, त्यात टीव्हीसारख्या टिकाऊ वस्तूही येतात. तिथे तुमच्या कंपनीची माहिती आहे का, बघा.

वॉरंटी संपली असेल आणि बोर्डचा दर टीव्हीच्या निम्म्या किमतीवर जात असेल, तर आधी फक्त ईएमएमसी बदलून डंप लिहून देणारा कारागीर शोधा. जुना बोर्ड मात्र परत मागून घ्या. पुढे त्याच्यातला डंपच कामाला येतो.